चादर कोणी सोडली

३ फेब्रुवारी

बीपीच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, माणसांवर ओरडायच्या आधी वहीत ओरडत जा. चौथी शिकलेल्या बाईला वही घ्यायला लावली. घेतली. आता ओरडते.

माझ्यावर फौजदारी केस आहे. मारहाणीची. फिर्यादी कोण, तर माझी थोरली जाऊ, जी माझ्याच डोक्यावर, वरच्या मजल्यावर राहते आणि सकाळचा चहा माझ्याच स्वयंपाकघरात पिते.

आमची लाँड्री आहे. पुढे काउंटर, मध्ये ह्यांचं इस्त्रीचं टेबल, मागे धुण्याचं अंगण. डागांवरचा विनोद वकिलाने करून झालाय, हवालदाराने करून झालाय. पुढचा जो करेल त्याच्या शर्टाची बटणं शाबूत राहणार नाहीत.

झालं ते इतकंच. नोव्हेंबरात अंगणात आम्ही दोघी मुख्याध्यापिकाबाईंची डबल बेडची चादर पिळत होतो. एवढी मोठी चादर एकटीला पिळता येत नाही. एक टोक त्यांच्या हातात, एक माझ्या, आणि दोघींनी उलट दिशेला पीळ द्यायचा. पीळ भरत आला होता. तेवढ्यात दुकानात फोन वाजला. चादर सुटली. जाऊबाई पडल्या आणि मनगट मोडलं. त्या म्हणतात मी सोडली. मी म्हणते त्यांनी ओढली.

यात फौजदारी कुठे आहे ते मला अजून कळलेलं नाही.

५ फेब्रुवारी

फोन मुलीचा होता हे लिहायचं राहिलं. ती नवऱ्याबरोबर परदेशात असते. दुकानाच्याच फोनवर करते, म्हणजे समोर जो येईल त्याच्याशी बोलणं होतं. त्या दिवशी तिने सांगितलं की ती आई होणार आहे. आता अशा वेळी फोन ठेवून मागे कोण पडलंय ते बघायला जायचं का? मी बोलले. पोटभर बोलले. मला काय ठाऊक हात मोडलाय? बाई पडली की आधी उठून बसते, मग ओरडते. या ओरडल्याच नाहीत. धोपटणं घेऊन आल्या आणि माझ्या पाठीत एक घातलं. डाव्या हाताने.

मग त्या हाताला फडकं बांधून तडक पोलीस ठाण्यात. मी मागोमाग, काय काय सांगतात ते ऐकायला. तिथे दोन टेबलं होती. एकावर त्या बसल्या. दुसऱ्यावरचा हवालदार मला म्हणाला, "बाई, तुमचं काय?" मी खरं ते सांगितलं, पाठीचंही सांगितलं. त्याने लिहून घेतलं, मी सही केली. आमच्या दुकानात रोज एवढी माणसं पावतीवर न वाचता सही करतात, मीच काय वाचत बसू?

बाळ जूनमध्ये आहे. मुलगी म्हणते, आई, तू हवीस. आणि पासपोर्टवाल्यांनी आज कळवलं की केस चालू आहे तोवर पासपोर्ट नाही.

८ फेब्रुवारी

वकिलाकडे गेले. त्याच्या काळ्या गाऊनला आम्हीच इस्त्री करतो. प्रत्येक वाक्याच्या शेवटी "बघू" म्हणतो, म्हणून घरात त्याचं नाव बघूवकील.

मी म्हटलं, "आमचं मिटलंय. डिसेंबरातच मिटलं. हात प्लास्टरात होता तेव्हा त्यांची वेणी कोण घालत होतं? मी. आरोपीने फिर्यादीची वेणी घातली, अजून काय मिटायचं राहिलं?"

तो म्हणाला, "तुमचं मिटलं हो. पण आता तुमच्याविरुद्ध सरकार आहे."

"सरकारचा कुठे हात मोडला?"

"हाड मोडलं की कलम जड होतं. ते खालच्या कोर्टात आपापसात मिटत नाही. वरच्या कोर्टात अर्ज करायचा, की ही केसच मुळातून रद्द करा. जाऊबाईंनी प्रतिज्ञापत्र द्यायचं, की आता त्यांची काही तक्रार उरलेली नाही. मग बघू."

म्हणजे भांडण आमचं, मिटवलं आम्ही, आणि सरकार अजून रुसून बसलंय.

१५ फेब्रुवारी

मुख्याध्यापिकाबाई आल्या. दर शनिवारी येतात.

"माझी चादर?"

"पोलिसांकडे आहे बाई. मुद्देमाल आहे."

"निळी फुलं होती तिच्यावर."

"फुलांसकट मुद्देमाल आहे."

"मी केस केलेली नाही, माझ्यावर केस झालेली नाही. मग चादर माझीच का अडकली?"

ह्यांनी इस्त्रीवरून मान वर करून "बरोबर आहे" म्हटलं. नवरा माझा, पण बोलला ते गिऱ्हाइकाच्या बाजूने.

१९ फेब्रुवारी

धोपटणं कुठे सापडत नाही. गेले कित्येक दिवस मी गालिचे नुसते हाताने बडवतेय. ह्यांना विचारलं. म्हणाले, "असेल कुठेतरी सुरक्षित."

सुरक्षित! धोपटणं म्हणजे काय लॉकरमधला दागिना?

२६ फेब्रुवारी

जाऊबाईंना घेऊन बघूवकिलाकडे. त्याने प्रतिज्ञापत्र वाचून दाखवलं. "मी स्वखुशीने लिहून देते की..."

जाऊबाई म्हणाल्या, "खुशी कुठे आहे? लिहा, घरच्या घरी राहायचंय म्हणून."

"मावशी, कोर्टात असंच लिहितात."

"मग कोर्टालाच सही करायला सांगा."

परत आलो. येताना कोपऱ्यावर चहा घेतला. त्यांनी माझ्या बशीत अर्धं बिस्कीट ठेवलं. सही देत नाहीत आणि बिस्कीट देतात.

९ मार्च

दुसरी खेप. या वेळी वय चुकलं होतं. साठ लिहिलं होतं. जाऊबाई म्हणाल्या, "साठीला अवकाश आहे. खोट्या कागदावर मी सही करणार नाही." वकिलाने टाइपिस्टला दोष दिला, टाइपिस्टने अक्षराला. परत चहा.

चहा पिताना त्या एकदम म्हणाल्या, "धाकटे, तुला माझ्याशी काही बोलायचं नाही का?"

मी पन्नाशी ओलांडली, गुडघे वाजायला लागले, तरी धाकटे. म्हटलं, "बोलायचंय ना. सही करा."

त्यांनी कप बशीत जोरात ठेवला. मी काय वाईट बोलले?

१८ मार्च

जाऊबाई आज परत हाताच्या डॉक्टरकडे गेल्या. मनगट केव्हाच जुळलंय, आपल्या डोळ्यांनी बघते, भरल्या बादल्या उचलतात. तरी महिन्यातून एकदा डॉक्टर. जाताना कडक इस्त्रीचे कपडे आणि पिशवीत कागदांची गुंडाळी. हाताला एवढे कागद लागतात होय? परत आल्या तेव्हा तोंड उतरलेलं. विचारलं, डॉक्टर काय म्हणाले. म्हणाल्या, "पुढची तारीख दिली."

मी म्हटलं, डॉक्टर बदला.

हे खोकले. आजकाल ह्यांना भलत्या वेळी खोकला येतो.

३० मार्च

रविवारी मुलीचा फोन. मीच घेतला. जाऊबाई काउंटरपाशी घड्या घालत उभ्या होत्या. एकाच टॉवेलाची घडी मोडत होत्या, घालत होत्या. मुलगी म्हणाली, "मोठ्या आईला दे ना." ती त्यांना मोठी आई म्हणते. थोरल्या दिरांना मूलबाळ नव्हतं. माझी पोर त्यांच्याच कडेवर वाढली, मी तेव्हा धुण्याच्या मागे असायचे. मी म्हटलं, देते, आणि मग आणखी दोन-चार गोष्टी आठवल्या, त्या सांगेपर्यंत लाइन गेली.

मुलगी म्हणत होती, "तुम्ही दोघी या." मी म्हटलं, आधी माझंच सुटू दे. त्यांना काय, त्यांच्यावर थोडीच केस आहे. अर्ज केला की पासपोर्ट मिळेल.

हे माझं बोलणं जाऊबाईंनी ऐकलं वाटतं. जेवायला खाली आल्या नाहीत.

७ एप्रिल

सही झाली! जाऊबाई आज आपणहून म्हणाल्या, "चल, करून टाकू." वकिलाकडे पेन हातात घेऊन म्हणाल्या, "सही करते. पण कोर्टाने तोंडाने विचारलं तर खरं तेच सांगेन."

बघूवकील घाईत होता. म्हणाला, "हो हो, खरंच सांगायचं. बघू."

मी सहीच्या जागेवर बोट ठेवलं.

२२ एप्रिल

आजचं नीट लिहायचंय. बीपी गेलं खड्ड्यात.

वरचं कोर्ट. जिने एवढे की वर पोचेपर्यंत निम्मे अर्ज आपोआप निकाली निघत असतील. आत थंडगार, पंखे उंच, आणि प्रत्येकाच्या अंगावर काळा गाऊन. सरकारी वकिलाच्या पांढऱ्या पट्ट्यांना खळ इतकी होती की मान वळवायची तर तो खांद्यासकट वळत होता.

जजबाई होत्या. चष्मा नाकाच्या शेंड्यावर. कागद चाळून म्हणाल्या, "दोन्ही पक्ष हजर आहेत? राहतात कुठे?"

मी म्हटलं, "एकाच घरात."

"इथे आलात कशा?"

"एकाच बसने. तिकीट यांनी काढलं."

बघूवकिलाने माझा पदर ओढला, म्हणजे गप्प बसा. सरकारी वकील उठला. म्हणाला, हाड मोडलेलं आहे, गुन्हा गंभीर आहे, अशा केसेस रद्द होऊ लागल्या तर समाजात काय संदेश जाईल. माझ्या मनात आलं, समाज म्हणजे तूर्त एक मुख्याध्यापिकाबाई, आणि त्यांना फक्त चादर हवीय.

जजबाईंनी जाऊबाईंना पुढे बोलावलं. "तुमच्यावर कोणाचा दबाव आहे?"

"माझ्यावर दबाव आणणारा अजून जन्मायचाय."

कोर्टात खसखस पिकली. जजबाई म्हणाल्या, "म्हणजे तुमची आता काही तक्रार नाही?"

जाऊबाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग वर पाहिलं. "हाताची नाही. हात जुळला. फोनची आहे."

"कसल्या फोनची?"

"मी खाली पडले होते साहेब, चिखलात. हाड मोडलेलं. आणि ही आत फोनवर हसत होती. माझ्या लेकीचाच फोन. मी पडल्या पडल्या ऐकत होते. मूल होणार हे मला भिंतीआडून कळलं. मला कोणी सांगितलंच नाही."

सरकारी वकिलाने कागद उलटायचे थांबवले.

"आणि दुसरं," जाऊबाई म्हणाल्या, "तिची केस रद्द करताय, करा. माझ्यावरची कोण रद्द करणार?"

जजबाईंनी चष्मा काढला. "तुमच्यावर कसली केस?"

"हिनेच केलेली. धोपटण्याने मारल्याची. सहा महिने तारखांना जातेय. हिच्यासारखा मलाही पासपोर्ट नाकारला. हिला वाटतं, मी हाताच्या डॉक्टरकडे जाते."

मी उभ्या जागी ओरडले, "मी केस केली नाही! मी फक्त सांगितलं!"

"आणि सही?" जजबाईंनी विचारलं.

"सही केली. पण वाचून नाही."

जजबाई बघूवकिलाकडे वळल्या. "वकीलसाहेब, भांडणं किती आहेत?"

बघूवकिलाने कागद वर केले, खाली केले. तो पहिल्यांदाच "बघू" म्हणाला नाही. मीच सांगून टाकलं, "भांडण एकच आहे साहेब. केसेस दोन आहेत."

जजबाईंनी निकाल दिला नाही. म्हणाल्या, दुसरा अर्ज आणा, दोन्ही एकदम ऐकू, आणि तोवर या दोघींनी एकमेकींशी बोलावं.

बसमध्ये आम्ही वेगवेगळ्या बाकांवर बसलो. तिकिटं जिची तिने काढली.

२३ एप्रिल

ह्यांना धरलं. "तुम्हाला माहीत होतं?"

"हो. हवालदाराला धोपटणं मीच काढून दिलं."

"मग बोलला का नाहीत?"

"तू विचारलंस ते धोपटणं कुठे आहे. मी सांगितलं, सुरक्षित आहे."

या माणसाबरोबर मी तीस वर्षं काढली. कोर्टाने याचा विचार करून मला आधीच सोडायला हवं होतं.

पण जाऊबाईंनी तरी तोंड उघडायचं की नाही? मी वेणी घालत होते, तेव्हा सांगायचं, की बाई, तुझ्या सहीपायी मी आरोपी झालेय. एवढा काय तो मानीपणा. मी असते तर सगळा रस्ता डोक्यावर घेतला असता. मला कसं कळणार न बोललेलं? मला बोललेलं कळतं.

"तुला माझ्याशी काही बोलायचं नाही का" म्हणाल्या होत्या. ते आठवलं. ते बोलणं झालं का? ते कोडं झालं.

२७ एप्रिल

रविवार. फोन वाजला. माझे हात ओले होते. ओल्या हातांनी फोन घेऊ नये, शॉक बसतो. म्हणून मी वर तोंड करून ओरडले, "जाऊबाई, फोन! लवकर या, मला घेता येत नाही!"

हे म्हणाले, "मी घेऊ का?"

मी म्हटलं, "तुम्ही इस्त्री करा."

जाऊबाई चप्पल न घालता खाली आल्या. बोलल्या, बोलल्या, किती बोलल्या. बाळाच्या हालचालींपासून मुलीच्या कंबरेपर्यंत. मी अंगणात हात पुसत उभी होते. तेवढ्यात पाणी तापलं, साबण संपला, मग नवीन वडी फोडली, तरी चालूच. मला एक शब्द मिळाला नाही. शेवटी फोन ठेवून माझ्याकडे आल्या नि म्हणाल्या, "तुझ्यासाठी निरोप आहे. गोळ्या वेळेवर घे म्हणाली."

मी म्हटलं, "बरं."

त्या तिथेच थांबल्या. मग म्हणाल्या, "हात सुके आहेत की तुझे."

मी म्हटलं, "आत्ता सुकले."

११ मे

दुसऱ्या अर्जासाठी माझं प्रतिज्ञापत्र. "मी स्वखुशीने लिहून देते की माझी काही तक्रार उरलेली नाही." मी म्हटलं, वाचून दाखवा. वकिलाने वाचलं. म्हटलं, परत वाचा. परत वाचलं. जाऊबाई म्हणाल्या, "कर आता, बस चुकेल." मी वय बघून घेतलं आणि मग सही केली. चहा मी पाजला. बिस्कीट अख्खं दिलं.

१६ मे

रद्द! दोन्ही रद्द!

जजबाई म्हणाल्या, "काय ठरलं?" सरकारी वकील उठला आणि न बोलताच बसला. जाऊबाईंना विचारलं, "फोनच्या तक्रारीचं काय?" त्या म्हणाल्या, "ती घरात मिटली." मला विचारलं, "धोपटण्याचं?" मी म्हटलं, "एकच घातलं होतं साहेब. आणि डाव्या हाताने."

जजबाईंनी लिहायला घेतलं. मध्येच थांबून विचारलं, "एक सांगा, चादर नक्की सोडली कोणी?"

आम्ही दोघी एकदम म्हणालो, "हिने!" "यांनी!"

बघूवकिलाने डोळे मिटले. जजबाई खाली बघूनच म्हणाल्या, "राहू द्या, राहू द्या, सही झाली आहे."

जिन्यावर जाऊबाईंनी माझा दंड धरला. मला वाटलं गुडघ्यांसाठी. मग लक्षात आलं, जिना चढताना धरायला हवा होता, आम्ही तर उतरत होतो. काहीतरीच.

१ जून

दोघींचे पासपोर्ट व्हिसासकट आले. फोटोत मी चोर दिसते आणि जाऊबाई पोलीस. तिकिटं बारा तारखेची. बाळाची तारीख त्यानंतरची आहे, म्हणजे आम्ही वेळेवर. खिडकीजवळ कोण बसणार यावरून जरा बोलाचाली झाली. जाताना त्या, येताना मी. हे म्हणाले, "लिहून घ्या." दोघींनी त्यांच्याकडे अशी नजर टाकली की त्यांनी कॉलरवर पाणी मारायला घेतलं.

५ जून

पोलिसांनी मुद्देमाल परत दिला. धोपटण्याला दोरीने चिठ्ठी बांधलेली. चादर पोत्यात. बुरशीचा वास, उंदराने एक कोपरा खाल्लेला, निळी फुलं करडी झालेली. मुख्याध्यापिकाबाई काउंटरवरच येऊन बसल्या. म्हणाल्या, आता मी चादर घेतल्याशिवाय हलत नाही.

आम्ही ती सोड्यात भिजवली, उकळली, घासली, धोपटली. फुलं बऱ्यापैकी परत आली. मग पिळायला घेतली. जाऊबाई त्या टोकाला, मी या टोकाला. नोव्हेंबरनंतर मोठी चादर आज पहिल्यांदाच धरली. त्यांच्या मनगटाकडे माझं लक्ष जात होतं.

"घट्ट धरा," मी म्हटलं.

"मी धरलंय. तूच बघ."

"दुखतंय का?"

"पीळ दे गं. वेणी घालतेस का चादर पिळतेस?"

पीळ दिला. पाणी धो धो गळलं. चादर काठीसारखी ताठ झाली. आतून मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, "झाली का?" मी म्हटलं, "होतेय हो, आता काय वाघ येतोय का?"

तेवढ्यात फोन वाजला. आज रविवार नाही. ही तिची वेळही नाही.

आम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं.

मुलगी झाली. आधीच झाली, आमची वाट न बघता. बाळ-बाळंतीण ठणठणीत आहेत. रिसीव्हर आमच्या दोघींच्या मध्ये होता, एक कान त्यांचा, एक माझा. पलीकडून बाळ रडलं. अगदी माझ्यासारखा आवाज आहे. जाऊबाई म्हणतात त्यांच्यासारखा. त्यांचा कसा असेल? काहीतरीच. पण आज मी बोलले नाही.

बऱ्याच वेळाने मागे वळून पाहिलं, तर मुख्याध्यापिकाबाई अंगणाच्या दारात उभ्या. चादर चिखलात.

"या वेळी कोणी सोडली?" त्यांनी विचारलं.

ह्यांनी इस्त्री टेबलावर उभी ठेवली आणि आपणहून तोंड उघडलं. लग्नानंतर बहुतेक पहिल्यांदाच. म्हणाले, "मी सगळं पाहिलंय. त्या दिवशीचंही."

आम्ही दोघी एकदम म्हणालो, "तुम्ही गप्प बसा!"

कोणी आधी सोडली ते मला माहीत आहे. जाऊबाईंनाही माहीत आहे. पण ते मी इथे लिहिणार नाही. वही उद्या कोणाच्या हाती लागेल सांगता येत नाही, आणि आम्हाला बारा तारखेला विमान गाठायचंय. चादर परत भिजत घातलीय.